संपकाळातील पोलीस पहारा

आमच्या कळंबकडील कापसाच्या मुलखात हमाल व व्यापारी यांचे बिनसते, ते बहुधा हमालीच्या दरावरून. मालाची वाट अडली, धमक्या सुरू झाल्या, की मालक न्यायालयाकडे धाव घेतो. राज्यघटनेच्या २२६ व्या कलमान्वये उच्च न्यायालय पोलिसांना संरक्षणाचा आदेश देऊ शकते. केरळात असे आदेश वारंवार निघाले आहेत. परंतु १९ वे कलम व्यापाराप्रमाणेच संघटनेचेही स्वातंत्र्य देते. म्हणून पोलिसांनी वाट मोकळी ठेवावी. शांत निदर्शने मोडू नयेत. पहाऱ्याने फाटक उघडेल, मजुरीचा तंटा मिटणार नाही. तो मिटावा म्हणूनच महाराष्ट्राने १९६९ साली माथाडी कायदा करून मंडळांमार्फत मजुरी देण्याची व्यवस्था लावली. हमालाचा हिशेब जेथे चोख, तेथे पहाऱ्याची गरज क्वचितच पडते.