सुताराचा मुलगा : जीन सॅराझेन
(महोत्सवानिमित्त तरुण मंडळाच्या सभेंत दिलेलें भाषण)



या सभेंत तरुणांपुढें चार शब्द बोलावे अशी मंडळाच्या चिटणीसांची आज्ञा झाली, व विषय खेळाचाच असावा असा त्यांचा आग्रह पडला. फुटबॉल व हॉकी यांविषयीं येथील मुलें मलाच धडे देतील. म्हणून ज्या खेळाची काठी आपल्यापैकीं फारशा कोणीं हातीं धरलेली नाहीं, तोच मीं मुद्दाम निवडला आहे. गोल्फ म्हणजे गवताच्या विस्तीर्ण मैदानांत एक लहानसा टणक चेंडू काठीनें मारीत मारीत दूरच्या भोंकांत पाडणें. अशीं अठरा भोंकें. ज्याचे टोले सर्वांत कमी, तो जिंकला. हा श्रीमंतांचा खेळ अशी ख्याति आहे, व ती अगदींच खोटी नाहीं. परंतु श्रीमंतांच्या काठ्यांची पिशवी खांद्यावर वाहणारा एक गरीब पोरही तेथें असतो. त्यास कॅडी म्हणतात. आजची कथा अशाच एका पोराची आहे.

युजेनिओ सारासेनी हा २७ फेब्रुवारी १९०२ रोजीं न्यूयॉर्कजवळील हॅरिसन गांवीं जन्मला. आईबाप इटलीहून पोटासाठीं आलेले, बाप सुतार. आठ वर्षांचा असतांनाच मुलगा कॅडी होऊन चार पैसे घरीं आणूं लागला. पैसे बापास हवे होते, खेळ मात्र नको होता. मुलानें रंधा व करवत हातीं घ्यावी, असें त्याचें म्हणणें. आणि पहिल्या महायुद्धाच्या दिवसांत मुलगा शाळा सोडून त्याच कामास लागलाही. तोंच फुप्फुसाच्या दुखण्यानें त्यास गांठलें. छातींत पू झाला, शस्त्रक्रिया करावी लागली, तो मरणाच्या दारांतून परत आला. डॉक्टरांनीं सांगितलें कीं, यापुढें मोकळ्या हवेंतील काम पाहा. मोकळ्या हवेंतील जें एक काम त्यास येत होतें, तें गोल्फच्या मैदानावरचें. अशा रीतीनें बापाच्या मनाविरुद्ध तो धंदेवाईक खेळाडू झाला. वर्तमानपत्रांत छापलेलें आपलें नांव एखाद्या व्हायोलिन वाजविणाऱ्याचें वाटतें, म्हणून त्यानें तें बदलून जीन सॅराझेन असें केलें. बाप्तिस्म्याचें नांव असें टाकून देणें मला व्यक्तिशः रुचत नाहीं. पण तें असो.

१९२२ सालीं, वयाच्या विसाव्या वर्षीं, त्यानें अमेरिकेची खुली स्पर्धा एका टोल्यानें जिंकली. त्याच वर्षीं व पुढील वर्षीं धंदेवाईकांची स्पर्धाही जिंकली. एवढ्या लवकर आलेलें यश पचणें कठीण. पुढें नऊ वर्षें एकही मोठें अजिंक्यपद त्याच्या हातीं लागलें नाहीं.

या काळांतील एक प्रसंग मला त्याच्या सर्व विजयांहून मोलाचा वाटतो. १९२८ सालीं इंग्लंडांत सँडविच येथें ब्रिटिश खुली स्पर्धा होती. वॉल्टर हेगन या प्रख्यात खेळाडूनें आपला नेहमींचा कॅडी, डॅनियल्स नांवाचा एक म्हातारा, त्यास मोठ्या मनानें देऊं केला. एका भोंकावर चेंडू उंच गवतांत अडकला. म्हाताऱ्यानें सांगितलें, लोखंडी काठीनें हळूच बाहेर काढा. सॅराझेन तरुण व उतावळा. त्यानें हट्टानें लांकडी काठी मागितली. चेंडू थोडासाच सरकला, आणि त्या एका भोंकास सात टोले लागले. अखेरीस हेगन जिंकला व सॅराझेन दोन टोल्यांनीं मागें राहिला. म्हाताऱ्यानें दोष दिला नाहीं. मरण्यापूर्वीं ही स्पर्धा मी तुम्हांस जिंकून देईन, एवढेंच तो म्हणाला.

१९३२ सालीं स्पर्धा त्याच परिसरांत आली. डॅनियल्स वाटच पाहात होता. पण त्याची दृष्टि मंद झाली होती, व स्नेह्यांच्या सल्ल्यानें सॅराझेननें एक तरुण कॅडी ठेवला. त्याच्याशीं जमेना. तेव्हां त्यानें म्हाताऱ्यास बोलावून घेतलें, व या खेपेस त्याचें ऐकलें. एकंदर २८३ टोल्यांत, पांच टोल्यांच्या फरकानें स्पर्धा जिंकली. बक्षीससमारंभांत डॅनियल्सनें आपल्याशेजारीं उभें राहावें, अशी त्याची इच्छा होती. चालकांनीं ती मान्य केली नाहीं. निरोप घेतांना सॅराझेननें आपला कोट त्यास दिला. कांहीं महिन्यांनीं म्हातारा वारल्याचें त्यास कळलें.

त्या विजयांत सुताराच्या मुलाच्या हातचें आणखी एक काम होतें. मैदानांत वाळूचे खड्डे मुद्दाम केलेले असतात. तेथें काठीचें धारदार पातें वाळूंत रुतून बसे. सॅराझेननें फ्लॉरिडांत बसून, भांड्यास डाख द्यावा त्याप्रमाणें, पात्याच्या मागच्या अंगास धातु चढविली. ती फुगीर बाजू धारेहून खालीं राहिल्यानें काठी रुतेना. चेंडूच्या किंचित् मागें वाळूंतून सरकून ती वाळूसकट चेंडू वर उडवी. कोणी पाहून आक्षेप घेऊं नये म्हणून सँडविचला तो ती पिशवींत उलटी ठेवी! आज गोल्फ खेळणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाच्या पिशवींत तिची वंशज आहे.

१९३५ सालच्या ऑगस्टा येथील स्पर्धेंत चार भोंकें उरलीं असतां तो तीन टोल्यांनीं मागें होता. पंधराव्या भोंकावर सुमारें २३५ यार्डांवरून मारलेला चेंडू तळें ओलांडून थेट भोंकांत गेला. पांच टोल्यांचें काम दोहोंत झालें, व क्रेग वुडशीं बरोबरी झाली. लोक तो एक टोला आठवतात. दुसरे दिवशीं ३६ भोंकें खेळून त्यानें वुडला पांच टोल्यांनीं हरविलें, हें विसरतात. चारही प्रमुख अजिंक्यपदें मिळविणारा तो पहिला खेळाडू ठरला.

१९९९ सालीं, ९७ व्या वर्षीं, तो वारला. परंतु त्यापूर्वीं १९७३ सालीं, ७१ वर्षांचा असतां, स्कॉटलंडांतील ट्रून येथें तो पुन्हा ब्रिटिश स्पर्धेंत उतरला होता. आठव्या भोंकांत त्यानें पहिल्याच टोल्यास चेंडू पाडला. दुसरे दिवशीं त्याच ठिकाणीं चेंडू वाळूच्या खड्ड्यांत गेला. म्हाताऱ्यानें खड्ड्यांत उतरून एकाच टोल्यानें तो वाळूंतून भोंकांत घातला.