साखर लपवू नका

(सोडाला, जयपूर येथे रेल्वे व टपाल खात्यातील मराठी सभासदांच्या बैठकीत केलेले भाषण)



दरवेळी आपण जमतो ते महागाई भत्ता, बदल्या आणि पेन्शन यांवर बोलायला. आज मला साखरेवर बोलायचे आहे. मी डॉक्टर नाही, युनियनचा माणूस आहे. पण गेल्या काही वर्षांत माझ्याकडे आलेल्या केसेस पाहिल्या, तर अर्ज कोणी डोळ्यासाठी केलेला, कोणी किडनीसाठी, कोणी पायाच्या जखमेसाठी, आणि फाईल उघडली की आत मधुमेहच.

आपल्याला अवयवाचा आजार कळतो. दात दुखला तर दात काढायचा. मधुमेह तसा नाही. रक्त सगळ्या अंगाला जाते, म्हणून रक्तातली वाढलेली साखरही सगळीकडे जाते. ती वर्षानुवर्षे वाढलेली राहिली की रक्तवाहिन्यांच्या आतल्या अस्तराला इजा होते. सर्वांत बारीक नळ्या डोळ्याच्या पडद्यात आणि किडनीत, म्हणून ती दोन ठिकाणे लवकर बिघडतात. नसा बधिर होतात. मोठ्या नळ्या अरुंद झाल्या की हृदय आणि मेंदू धोक्यात येतात. हिरड्या सुजतात, जखम भरत नाही. क्षयाचा धोकाही दुप्पट-तिप्पट होतो. माणूस मात्र पाच डॉक्टरांकडे पाच तक्रारी घेऊन जातो.

पायाचे जरा सविस्तर सांगतो, कारण गँगमन आणि पोस्टमन दोघांची भाकरी पायावर आहे. जयपूरच्या मे महिन्यात खडी किती तापते, ते तुम्हाला सांगायला नको. नस बधिर झालेल्या माणसाला बुटात शिरलेला खडा कळत नाही आणि चटकाही कळत नाही. संध्याकाळी मोजा लाल झालेला बायको पाहते, तेव्हा समजते. दुखत नाही म्हणून तो दुसऱ्या दिवशी पुन्हा बीटावर जातो. दुखणे ही शरीराची घंटी आहे, आणि ती घंटीच बंद पडलेली असते. म्हणून रोज रात्री तळवे पाहा. स्वतःला दिसत नसतील तर आरसा धरा, नाहीतर घरच्यांना दाखवा. बूट घालण्याआधी आत हात फिरवा.

कोणी म्हणेल, मी तर काटकुळा, मला कुठली साखर? याचे उत्तर आपल्या पुण्यातच सापडले आहे. के.ई.एम. हॉस्पिटलचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि लंडनचे डॉ. युडकिन या दोघांचे उंचीच्या मानाने वजन अगदी सारखे, निर्देशांक २२.३. चरबी मोजली तेव्हा युडकिन यांच्या अंगात ९.१ टक्के आणि याज्ञिकांच्या अंगात २१.२ टक्के निघाली. २००४ साली दोघांनी स्वतःचे फोटो 'लॅन्सेट' साप्ताहिकात छापून हे जगाला दाखवले. पुण्याजवळच्या खेड्यांत १९९३ पासून झालेल्या पाहणीत तर आपली बाळे इंग्लंडमधल्या बाळांपेक्षा वजनाने बरीच कमी, पण चरबी त्या मानाने राखून जन्मतात, असे दिसले. तेव्हा पँटचा पट्टा सैल आहे एवढ्यावर निर्धास्त राहू नका. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या आय.सी.एम.आर.च्या पाहणीत देशात १० कोटींहून अधिक मधुमेही असल्याचे अनुमान आहे.

आता खरी गोष्ट. आपले लोक साखर का लपवतात? ड्रायव्हरला वाटते, पी.एम.ई.त साखर निघाली की इंजिनावरून उतरवतील, रनिंग अलाउन्स जाईल, मुलीचे लग्न अडेल. ही भीती खोटी आहे असे मी म्हणणार नाही. माझ्या ओळखीच्या एका ड्रायव्हरने पी.एम.ई.च्या आधी चार दिवस भात सोडला, मेथीचे पाणी प्याला आणि उपाशीपोटीच्या तपासणीत पास झाला. पास झाला म्हणून घरी पेढे वाटले! दोन वर्षांनी डोळ्याच्या पडद्यात रक्त आले. तेव्हा इंजिन गेले आणि नजरही गेली. एचबीएवनसी नावाची तपासणी त्याच वेळी झाली असती, तर मेथीचे पाणी उपयोगी पडले नसते. ती मागच्या दोन-तीन महिन्यांचा हिशेब सांगते. ६.५ किंवा त्याहून जास्त आली, तर मधुमेह समजावा.

चोरून गोळ्या घेणे तर त्याहून वाईट. काही गोळ्यांनी आणि इन्सुलिनने, जेवण चुकले की साखर एकदम उतरते. घाम येतो, हात थरथरतात, समोरचे नीट उमगत नाही. गाडी लूपमध्ये तीन तास उभी आहे आणि डबा संपला आहे, अशा वेळी हे झाले तर? मागे हजार माणसे झोपलेली असतात. इंजिनात संडास नाही म्हणून पाणी कमी पिणारे ड्रायव्हरही मला माहीत आहेत. काही इंजिनांत आता सोय झाली, सगळ्यांत झालेली नाही. ती मागणी आपण सोडलेली नाही.

आणि कायदा? १९९५ च्या अपंग व्यक्ती कायद्याच्या ४७ व्या कलमात आणि आता २०१६ च्या कायद्याच्या २० व्या कलमात स्पष्ट आहे: नोकरीत असताना अपंगत्व आले म्हणून सरकारी कर्मचाऱ्याला काढता येत नाही किंवा खालच्या पदावर टाकता येत नाही. त्याच वेतनश्रेणीची दुसरी जागा द्यायची. जागा नसेल तर जादा पद निर्माण करायचे. कुणाल सिंग हा शिपाई. ड्युटीवर पायाला इजा झाली, गँगरीन झाले, पाय कापावा लागला आणि खात्याने त्याला घरी पाठवले. २००३ साली सुप्रीम कोर्टाने त्याच्या बाजूने निकाल दिला. नुसता मधुमेह म्हणजे अपंगत्व नव्हे, हेही ध्यानात ठेवा. रनिंग स्टाफ मेडिकलवरून उतरला, तर पर्यायी पदावर पगार ठरवताना मूळ पगारात रनिंग अलाउन्सचा ३० टक्के पगारी भाग धरतात. नुकसान होतेच. पण आंधळे होऊन घरी बसण्याइतके नाही.

पोस्टमनला आणि आर.एम.एस.च्या सॉर्टरला ड्रायव्हरसारखी ठरावीक मुदतीची पी.एम.ई. नसते. म्हणजे लपवायची गरज नाही, पण कोणी शोधतही नाही. रात्रपाळीत चहा-बिस्किटावर काढलेली वीस वर्षे आणि तपासणी एकही नाही, असे सभासद इथे बसले आहेत. हात वर करायला लावत नाही.

ज्यांना मधुमेह आहे त्यांनी वर्षातून एकदा थेंब टाकून डोळ्याचा पडदा, लघवीतले अल्ब्युमिन आणि पाय एवढे तपासून घ्यावे, रक्तदाबही पाहावा. छातीत न दुखताही हृदयविकाराचा झटका येऊ शकतो, म्हणून एकाएकी दम लागला, घाम फुटला तर ॲसिडिटी म्हणून घरी बसू नका.

एचबीएवनसी प्रत्येक पी.एम.ई.त व्हावी आणि टपाल कर्मचाऱ्यांसाठी चाळिशीनंतर दरवर्षी तपासणी असावी, असे दोन ठराव मी मांडतो. दाराशी वही ठेवली आहे. ज्यांना साखर आहे आणि कार्यालयात सांगायची धास्ती वाटते, त्यांनी त्यात फक्त फोन नंबर लिहावा. नाव नको. मी स्वतः फोन करीन आणि दवाखान्यात सोबत येईन.