पलटणीतला खेळाडू
(कोथरूडच्या साक्षरता वर्गात दिलेले भाषण)

मंडळी, रविवारी सकाळी कोथरूडात कुठेही जा. मोकळी जागा दिसली की तिथे पोरे क्रिकेट खेळताना दिसतात. चांदणी चौकातून पुढे खडकवासल्याकडे गेले की राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनी लागते. तिथे सैन्याचे अधिकारी तयार होतात. खेळ आणि सैन्य, दोन्ही आपल्या शेजारी! आज आम्ही तुम्हांला अशा माणसाची हकिगत सांगणार आहोत, ज्यांनी ही दोन्ही कामे केली.

त्यांचे नाव हेमू अधिकारी. जन्म पुण्याचा, १९१९ सालचा. सतराव्या वर्षीच ते गुजरातच्या संघातून मोठे सामने खेळू लागले. पुढे बडोद्याकडून खेळले. धावा काढीत आणि चेंडू अडवण्यात तर फारच चपळ. आता हा गडी देशाकडून खेळणार, असे कोणालाही वाटले असते.

पण १९३९ साली दुसरे महायुद्ध पेटले. देशादेशांत जे अनेक दिवस चालणारे सामने होतात त्यांना कसोटी सामने म्हणतात. १९३६ नंतर दहा वर्षे भारताचा एकही कसोटी सामना झाला नाही. अधिकारी सैन्यात दाखल झाले. आडनाव अधिकारी, आणि झालेही अधिकारीच! विसाव्या वर्षापासून सव्विसाव्या वर्षापर्यंतचा तो काळ. खेळाडूचे हात-पाय त्याच वयात सर्वांत चांगले चालतात. शेतकऱ्याचा पेरणीचा पाऊसच जावा, तसे हे झाले. आमच्या मते हे नुकसान धावांत मोजता येत नाही. तरी अधिकारी जिवंत परतले. इंग्लंडचा नामांकित गोलंदाज हेडली व्हेरिटी याच युद्धात जखमी झाला आणि १९४३ साली इटलीत कैदेत मेला.

१९४६ साली आपला संघ इंग्लंडला गेला. त्यातही अधिकारींचे नाव नव्हते. अखेर १९४७ च्या नोव्हेंबरात, ऑस्ट्रेलियात, त्यांना पहिला कसोटी सामना मिळाला. वय २८. स्वतंत्र भारताचाही तो पहिलाच कसोटी सामना, बरं का! समोर ब्रॅडमनचा संघ होता. पुढच्या वर्षी दिल्लीत वेस्ट इंडीजविरुद्ध अधिकारींनी नाबाद ११४ धावा केल्या.

त्या काळी क्रिकेटवर पोट भरत नसे. त्यामुळे सैन्याची नोकरी सुटली नाही, आणि खेळही सुटला नाही. ते लेफ्टनंट कर्नल झाले. सैन्यदलांचा संघ त्यांनी रणजी स्पर्धेच्या अंतिम सामन्यापर्यंत नेला.

१९५२ साली दिल्लीत पाकिस्तानशी पहिलाच सामना झाला. आपले नऊ गडी २६३ धावांवर बाद झाले होते. मग अधिकारी आणि गुलाम अहमद यांनी शेवटच्या जोडीने १०९ धावा जोडल्या. शेवटचा गडी म्हणजे बहुधा फलंदाजी न येणारा. त्याला सांभाळून घेत खेळायचे असते. अधिकारी ८१ वर नाबाद राहिले. सामना आपण जिंकला.

१९५९ ची गोष्ट तर नवलाचीच. वेस्ट इंडीजविरुद्धच्या एकाच मालिकेत आपले कप्तान तीनदा बदलले. चौथा मान अधिकारींना मिळाला, तोही ३९ व्या वर्षी. दिल्लीत त्यांनी ६३ आणि ४० धावा केल्या, वर तीन बळी घेतले. कसोटीत त्यांना मिळालेले बळी एवढेच. सामना अनिर्णित राहिला. त्यानंतर ते कसोटी खेळले नाहीत. एकूण २१ कसोट्या.

१९७१ साली अजित वाडेकरांचा संघ इंग्लंडला गेला तेव्हा अधिकारी व्यवस्थापक होते. ओव्हलवर आपण जिंकलो. इंग्लंडात मालिका जिंकण्याची ती पहिली खेप. एकनाथ सोलकरने फलंदाजाच्या अगदी जवळ झेप घेऊन टिपलेला ॲलन नॉटचा झेल जुनी माणसे अजून सांगतात.

अधिकारी २००३ च्या ऑक्टोबरात मुंबईत वारले. दिल्लीतल्या त्या १०९ धावांचा भारतीय विक्रम तोवर टिकून होता. डिसेंबर २००४ मध्ये ढाक्याला सचिन तेंडुलकर आणि झहीर खान यांनी तो मोडला.