मी जातो की मी जाते?

बसमध्ये असाल, लोकलमध्ये असाल, इअरफोन नीट लावा. आज गप्पा माझ्या भाच्याच्या. वय वर्षं अडीच.

परवा साहेब चपला घालून दारात उभे. म्हणाला, "मी बाहेर जाते!" सगळं घर हसलं. माझी आई म्हणाली, "अरे, जातो म्हण. तू मुलगा ना?" बिचारा गोंधळला. दिवसभर तो ताईजवळ असतो, तिचंच ऐकतो, तिचंच उचलतो. आणि आपली मराठी अशी, की 'मी' म्हटलं की क्रियापद लगेच विचारतं, मुलगा की मुलगी?

काही महिन्यांपूर्वी तर त्याच्या बोलण्यात 'मी' नव्हताच. "बाळाला भूक लागली," असं स्वतःबद्दल सांगायचा. कारण आम्ही त्याला बाळ म्हणायचो.

1972 मध्ये ब्यूला ॲम्स्टरडॅम या संशोधिकेने एक साधा प्रयोग प्रसिद्ध केला. मुलाच्या नाकावर लाल ठिपका लावायचा आणि त्याला आरशासमोर आणायचं. अगदी लहान बाळं आरशातल्या बाळाशी खेळायला लागतात. दीड-दोन वर्षांच्या आसपास मात्र बरीच मुलं स्वतःच्याच नाकाला हात लावतात. म्हणजे, 'हा मीच' हे कळलेलं असतं.

पण आरशात फक्त चेहरा दिसतो हो. 'मी कसा आहे' हे मूल आपल्या बोलण्यातून उचलतं. लहानपणी पाहुणे आले, की माझी ओळख ठरलेली, "हा जरा लाजाळू आहे." इतक्यांदा ऐकलं, की मीही तेच सांगायला लागलो. सहावीत बाईंनी विचारलं, नाटकात कोण काम करणार? हात वर करावासा फार वाटला. पण मी तर लाजाळू! हात खालीच राहिला. आज बघा, तुमच्याशी किती बडबडतोय.

काल भाच्याने दूध सांडलं. "धांदरट कुठला!" अगदी ओठांवर आलं होतं. गिळलं. म्हटलं, "दूध सांडलं बघ. फडकं आण." त्याने आणलं, अर्धं पुसलं, अर्धं पसरवलं आणि ओरडला, "मामा, मी पुसलं!"

'जातो' काय, तो शिकेलच. 'धांदरट' मात्र मी शिकवणार नाही.

तुम्हाला लहानपणी कोणतं लेबल चिकटलं होतं? व्हॉइस नोट पाठवा, नक्की ऐकेन. भेटू पुढच्या भागात!