इंधन-घट आणि सत्तावीस वर्षे

(बुरोंडी येथे संस्थेच्या वार्षिक कार्यक्रमात पालक व विद्यार्थ्यांसमोर केलेले भाषण)



विज्ञान शिकून पुढे काय, या विषयावर मी चार शब्द बोलावेत अशी चालकांची इच्छा आहे. विषय फार मोठा आहे आणि माझ्याजवळ उपदेशाचा साठा नाही. म्हणून एका माणसाची हकीकत सांगतो आणि ती सांगता सांगता पालकांच्या मनातल्या एका प्रश्नाकडे येतो. हा प्रश्न मला अनेकांनी विचारला आहे. "सर, मुलगा रसायनशास्त्रात हुशार आहे हे खरे. पण संशोधन, संशोधन म्हणता, तर घरात पैसा कधी येणार?" ज्या घरातला एक भाऊ बोटीवर आणि दुसरा आखातात आहे, त्या घराने हा प्रश्न विचारणे अगदी रास्त आहे. त्याला मी हसणार नाही.

आता हकीकत. आपल्या किनाऱ्यावर उभ्या असलेल्या होड्या आणि लाँची डिझेलवर चालतात. इंजिनात डिझेल जळते, उष्णता निर्माण होते, त्या उष्णतेतून गती मिळते आणि उरलेली बरीचशी उष्णता धुरातून व गरम पाण्यातून वाया जाते. डिझेलच्या खर्चाचा मोठा भाग असा वाऱ्यावर जातो, हे लाँचवाल्यांना मी सांगायला नको. मग इंधन न जाळताच त्यातून सरळ वीज काढता आली तर? असे करणाऱ्या साधनाला इंधन-घट किंवा फ्युएल सेल म्हणतात. त्याच्या एका बाजूने हायड्रोजन आत सोडायचा, दुसऱ्या बाजूने प्राणवायू. हायड्रोजन आपले इलेक्ट्रॉन सोडतो, ते बाहेरच्या तारेतून प्राणवायूच्या बाजूला जातात आणि वाटेत दिवा पेटवतात किंवा मोटार फिरवतात. शेवटी उरते ते पाणी. ना धूर, ना ज्वाला.

ही कल्पना नवी नाही. विल्यम ग्रोव्ह या वेल्श गृहस्थाने १८३९ मध्ये ती दाखवली आणि १८४२ मध्ये असे अनेक घट जोडून वायूंची बॅटरी तयार केली. ग्रोव्ह व्यवसायाने वकील होते, पुढे न्यायाधीश झाले. त्यांच्या घटात प्लॅटिनम होते आणि वीज फार थोडी मिळे. पुढे डायनॅमो आला, वीज स्वस्तात मिळू लागली आणि ग्रोव्हचा घट प्रयोगशाळेतल्या कपाटात जाऊन बसला. मधल्या काळात काहींनी प्रयत्न केले, पण कोणालाही त्याला कामाला लावता आले नाही.

ते काम फ्रान्सिस थॉमस बेकन यांनी केले. जन्म १९०४, इंग्लंडच्या एसेक्स परगण्यातला. केंब्रिजच्या ट्रिनिटी कॉलेजातून १९२५ साली यंत्रशास्त्राची पदवी घेतली, तीही तिसऱ्या वर्गात! विद्यार्थ्यांनी लगेच हसू नये आणि पालकांनी लगेच दचकू नये; याकडे मी पुन्हा येणार आहे. पदवीनंतर न्यूकॅसल येथील पार्सन्स या वाफेच्या टर्बाइनच्या कारखान्यात त्यांनी उमेदवारी केली आणि तिथेच नोकरी धरली. १९३२ साली एका अभियांत्रिकी नियतकालिकात त्यांच्या वाचनात काही लेख आले. विजेने पाण्याचे पृथक्करण करून हायड्रोजन साठवावा, असा त्यांचा विषय होता. बेकन यांच्या मनात आले की तो हायड्रोजन इंजिनात जाळण्यापेक्षा ग्रोव्हच्या घटात घातला तर? रसायनशास्त्राचे रीतसर शिक्षण त्यांना नव्हते. ते यंत्रांचा माणूस होते. पण हा विचार त्यांच्या डोक्यातून गेला नाही.

कारखान्याला या कल्पनेत रस नव्हता. मग बेकन यांनी तिथेच, वरिष्ठांच्या नकळत, प्रयोग सुरू केले. हायड्रोजन, प्राणवायू आणि मोठा दाब, तेही कारखान्याच्या आवारात! वरिष्ठांना पत्ता लागला तेव्हा त्यांनी सरळ सांगितले की हे बंद करा, नाहीतर नोकरी सोडा. बेकन यांनी १९४० साली नोकरी सोडली. (विद्यार्थ्यांनी यातले चोरून प्रयोग करणे तेवढे सोडून द्यावे.) चार्ल्स मर्झ या नामांकित वीज अभियंत्याने पैसे दिले आणि लंडनच्या किंग्ज कॉलेजात काम सुरू झाले. त्याच वर्षी बाँबहल्ल्यात मर्झ मृत्युमुखी पडले. बेकन यांना युद्धकाळात पाणबुड्या शोधण्याच्या यंत्रणेवर काम करावे लागले आणि घट बाजूला पडला. १९४६ मध्ये केंब्रिजला पुन्हा सुरुवात झाली.

खरी अडचण काय होती, ते थोडे सविस्तर सांगतो. बेकन यांनी ग्रोव्हचे आम्ल टाकून अल्कली घेतली. अल्कली हा शब्द अरबी 'अल्-कली'वरून आला आहे. विशिष्ट वनस्पतींच्या राखेतून मिळणाऱ्या खाराला हे नाव होते आणि ते आजही जगभरच्या रसायनशास्त्राच्या पुस्तकांत आहे. बेकन यांच्या घटात कॉस्टिक पोटॅशचे द्रावण होते. त्याचा फायदा असा की महागड्या प्लॅटिनमऐवजी निकेल चालते. पण निकेलने नीट काम करावे म्हणून द्रावण सुमारे २०० अंश सेल्सियसपर्यंत तापवावे लागे आणि ते उकळून जाऊ नये म्हणून मोठ्या दाबाखाली ठेवावे लागे. शिवाय वायू, द्रव आणि धातू हे तिन्ही एकाच जागी भेटले पाहिजेत. द्रवाने छिद्रे भरून टाकली तर वायू आत येत नाही, आणि वायूने द्रवाला ढकलले तर तो बुडबुडे होऊन निसटतो. बेकन यांनी निकेलच्या भुकटीचे सच्छिद्र पत्रे दोन थरांत केले. द्रवाच्या बाजूला बारीक छिद्रे, वायूच्या बाजूला मोठी. वायूचा दाब किंचित जास्त ठेवला की द्रव बारीक छिद्रांत अडकून राहतो आणि तिन्हींची गाठ नेमकी मधल्या सीमेवर पडते. युक्ती साधी वाटते, पण तिला वर्षे लागली.

तरीही प्राणवायूकडचे निकेल गंजत होते. घट काही काळ चाले आणि मग पडे. शेवटी त्या पत्र्यात आधीच लिथियम मुरवून, तो हवेत तापवून, त्यावर निकेल ऑक्साइडचा काळा थर तयार करण्यात आला. साधे निकेल ऑक्साइड वीज जवळजवळ वाहू देत नाही, लिथियममिश्रित ऑक्साइड वाहू देते आणि खालच्या धातूला सांभाळतेही. इथे घट टिकू लागला. १९५४ मध्ये लंडनच्या प्रदर्शनात तो मांडला, तर कोणी गिऱ्हाईक आले नाही. अनुदान आटले. पुढे सरकारी महामंडळाचा पैसा मिळाला आणि ऑगस्ट १९५९ मध्ये चाळीस घटांच्या संचाने पाच किलोवॉट वीज दिली. तिच्यावर वेल्डिंग झाले, गोल करवत फिरली, फोर्कलिफ्ट गाडी चालली. १९३२ ते १९५९, सत्तावीस वर्षे!

त्यानंतरही ब्रिटनमध्ये त्याला बाजार मिळाला नाही. अमेरिकेतील प्रॅट अँड व्हिटनी कंपनीने हक्क घेतले आणि सुधारून ते घट अपोलो यानात बसवले. प्रत्येक यानात तीन. त्यांनी वीज दिली आणि उरलेले पाणी अंतराळवीर प्यायले. एप्रिल १९७० मध्ये अपोलो-१३ची प्राणवायूची टाकी फुटली, तेव्हा प्राणवायूअभावी हे घटच बंद पडले आणि तिघांचे प्राण कंठाशी आले. त्यावरून या घटांवर किती भिस्त होती ते कळते. चंद्रावर उमटलेल्या पावलाचे, अंतराळवीरांच्या सह्या असलेले छायाचित्र बेकन यांना भेट मिळाले. १९७३ साली ते रॉयल सोसायटीचे फेलो झाले. १९९१ मध्ये त्यांना ग्रोव्हच्याच नावाचे पहिले पदक मिळाले आणि १९९२ मध्ये त्यांचे निधन झाले.

आता एक गोष्ट लपवून ठेवणे बरोबर होणार नाही. बेकन खात्यापित्या जमीनदार घराण्यातले होते. १९४० साली नोकरी सोडली तेव्हा घरी चूल पेटेल की नाही, ही चिंता त्यांना नव्हती. चरित्रे लिहिणारे हे एका ओळीत उरकतात. आपल्या मोहल्ल्यातल्या मुलाला सत्तावीस वर्षे वाट पाहा असे मी सांगितले, तर त्याच्या आईने मला दारात उभे करू नये.

परंतु आता मार्ग वेगळा आहे आणि तो पालकांनी नीट समजून घ्यावा. बी.एस्सी., एम.एस्सी. झाल्यावर सीएसआयआर-यूजीसीची नेट परीक्षा असते. तिच्यातून कनिष्ठ संशोधन फेलोशिप मिळाली तर १ जानेवारी २०२३ पासूनच्या दराने दरमहा ३७,००० रुपये मिळतात, आणि घरभाडे भत्ता वेगळा. पीएच.डी.चा विद्यार्थी म्हणजे घरावर बसलेला माणूस, ही समजूत चुकीची आहे. मात्र सर्वसाधारण गटाला एम.एस्सी.ला ५५ टक्के गुण लागतात. तिसऱ्या वर्गाच्या बेकनना त्या दारातून आत येता आले नसते! ही आपल्या व्यवस्थेची शोभा आहे असे मला वाटत नाही, पण नियम आहे तो आहे. अल्पसंख्याक विद्यार्थ्यांसाठी असलेली मौलाना आझाद राष्ट्रीय फेलोशिप २०२२-२३ पासून बंद झाली, त्यामुळे तिच्या भरवशावर कोणी राहू नये. नेटची तयारी एम.एस्सी.च्या पहिल्याच वर्षी सुरू करावी. हे मुलींच्या पालकांना विशेष सांगतो. एम.एस्सी.ला पहिली आलेली मुलगी घरी बसते आणि तिला ही परीक्षा असते हेच माहीत नसते, असे होऊ देऊ नका.

आणि हे काम कुठे परदेशातच चालते असे नाही. तामिळनाडूत कारैकुडी येथे केंद्रीय विद्युत्-रसायन संशोधन संस्था आहे. अळगप्पा चेट्टियार या व्यापाऱ्याने तीनशे एकर जमीन आणि पंधरा लाख रुपये दिले; जुलै १९४८ मध्ये पंडित नेहरूंनी कोनशिला बसवली आणि जानेवारी १९५३ मध्ये तिचे उद्घाटन झाले. संस्थेच्या देणगीदारांनी हा आकडा लक्षात ठेवावा! ही संस्था, पुण्याची राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा आणि पुण्याचीच केपीआयटी कंपनी यांनी मिळून दहा किलोवॉटचा इंधन-घट संच बनवला. ऑक्टोबर २०२० मध्ये पुण्यात त्यावर मोटारगाडी चालवून पाहिली. हा घट बेकनचा नाही. त्यात द्रावणाऐवजी प्लास्टिकसारखा पातळ पडदा असतो आणि तो ६५ ते ७५ अंशांवरच काम करतो. गाडीत पावणेदोन किलो हायड्रोजन होता आणि तेवढ्यात ती सुमारे २५० किलोमीटर जाईल असा हिशेब दिला होता. ऑगस्ट २०२२ मध्ये पुण्यातच बस दाखवण्यात आली. आणि आपल्याला विशेष वाटावे असे म्हणजे, कोचीन शिपयार्डने बांधलेल्या, पन्नास उतारूंच्या, चोवीस मीटर लांबीच्या बोटीत पुण्याचाच घट बसवून २८ फेब्रुवारी २०२४ रोजी तिचे उद्घाटन झाले.

म्हणून उद्या बुरोंडीच्या लाँची हायड्रोजनवर चालतील असे मी म्हणत नाही. ती बोट नदीची आहे, खवळलेल्या समुद्राची नाही. हायड्रोजन महाग आहे, बहुतेक अजून नैसर्गिक वायूपासूनच काढतात, आणि पावणेदोन किलो ठेवायला हवेच्या दाबाच्या साडेतीनशे पट दाब सोसणारी टाकी लागते. खारी हवा आणि खारे पाणी यात हे सगळे कसे टिकेल, हा प्रश्न मोठा आहे. पण खाऱ्या हवेत लोखंड, तांबे, ॲल्युमिनियम कसे गंजते हे ज्याने लहानपणापासून पाहिले आहे, अशी मुले या सभागृहात आहेत, पुण्यात कमी असतील. गंजणे हाही विद्युत्-रसायनाचाच विषय आहे.

जाता जाता विद्यार्थ्यांसाठी एक प्रयोग. शिक्षकांना विचारून शाळेतच करा. पेल्यात पाणी घेऊन त्यात खाण्याचा सोडा विरघळवा. मीठ घालू नका, त्याने क्लोरीन हा विषारी वायू निघतो. दोन पेन्सिलींची शिसे एकमेकांना न लागता पाण्यात उभी करा आणि नऊ व्होल्टची बॅटरी दोन-तीन मिनिटे जोडा. दोन्हीकडे बुडबुडे धरतील. एकीकडे हायड्रोजन, दुसरीकडे प्राणवायू. आता बॅटरी काढा आणि त्याच टोकांना व्होल्टमापक लावा. बॅटरी नसतानाही काटा व्होल्टच्या पलीकडे उभा दिसेल आणि शिसांना चिकटलेले बुडबुडे संपत जातील तसतसा हळूहळू खाली येईल. ग्रोव्हने १८३९ मध्ये पाहिले ते हेच.