सर टॉमस मन्रो : बेळगावचा किल्ला घेणारा सेनानी
(वाचनालयाच्या शताब्दी व्याख्यानमालेत दिलेले व्याख्यान)



बेळगावच्या किल्ल्याच्या खंदकावरून आपण नित्य जातो-येतो. आतील कमलबस्ती आणि सफा मशीद आपल्या परिचयाची आहेत. परंतु १० एप्रिल १८१८ रोजी या किल्ल्यावरचे पेशवाईचे निशाण ज्याने उतरविले, त्या टॉमस मन्रोविषयी आपल्याकडे फारसे बोलले जात नाही. आज त्याचे चरित्र मांडण्याचे योजिले आहे.

मन्रोचा जन्म १७६१ साली ग्लासगो येथील एका व्यापाऱ्याच्या घरी झाला. अमेरिकन युद्धात वडिलांचा व्यापार बुडाला आणि १७८० साली हा मुलगा मद्रासच्या पायदळात कॅडेट म्हणून दाखल झाला. वाचनाचा त्याला जबर नाद. सर्व्हांटेस मुळातून वाचावा म्हणून तो लहानपणीच स्पॅनिश शिकला होता. येथे येऊन त्याने फारसी आत्मसात केली. हैदर आणि टिपू यांच्याशी झालेल्या युद्धांत तो लढला. तथापि १७९२ ते १८०७ या पंधरा वर्षांत बारामहाल, कानडा आणि निजामाने तोडून दिलेले जिल्हे येथे त्याचे आयुष्य मुख्यतः जमाबंदीच्या कामात, तंबूतून तंबूत गेले. ज्या रयतवारी पद्धतीशी त्याचे नाव जोडले जाते, तिची घडण याच काळातली. रयतेचे मन कशात असते, हे त्याला शेताच्या बांधावर कळले, आणि त्या ज्ञानाचा उपयोग त्याने पुढे आपल्या मुलखात केला.

१८१७ च्या जूनमधील पुण्याच्या तहाने धारवाडकडील प्रांत कंपनीकडे गेला व तो ताब्यात घेण्याचे काम मन्रोकडे आले. नोव्हेंबरात युद्ध पेटले तेव्हा त्याच्या हाती नियमित फौज अगदी थोडी होती. ब्रिगेडियर जनरलचा हुद्दा मिळाला, पण सैन्य मिळेना. तेव्हा त्याने स्थानिक शिबंदी उभारली आणि पेशव्यांच्या अंमलाखालील परगण्यांवर आपले अंमलदार आधीच नेमून टाकले. नवलगुंद ही बापू गोखल्यांच्या जहागिरीतील जागा. तेथे रामराव नावाचा अंमलदार पाचशे शिपाई घेऊन शिरला आणि त्याने काशीराव गोखल्यांच्या सातशे स्वारांना हटविले. सारा आपल्या अंमलदाराकडे भरावा, एवढेच मन्रोचे रयतेकडे मागणे होते. वसूल आटला की लष्कर आटते, हे त्याला पक्के ठाऊक होते.

हे शक्य का झाले, याचे उत्तर आपल्याला कडू लागेल. दुसऱ्या बाजीरावाच्या कारकीर्दीत मामलती मक्त्याने दिल्या जात. मक्तेदाराला पुढील सालाची शाश्वती नसे. म्हणून तो चालू सालीच रयत पिळून घेई. अशा रयतेला निशाणाचे ममत्व राहणार कोठून?

१८ फेब्रुवारी १८१८ रोजी बदामी पडली. दोनच दिवसांनी आष्टीच्या रणात बापू गोखले धारातीर्थी पडले. मार्चच्या उत्तरार्धात मन्रोने बेळगावला वेढा घातला. आत सुमारे सोळाशे शिबंदी होती. ३१ मार्चला इंग्रजांच्या मोर्चावरील दारूसाठा उडाला. ती संधी साधून किल्ल्यातील लोक बाहेर तुटून पडले. ते मागे रेटले गेले, तरी किल्ला आणखी दहा दिवस लढला. या शिबंदीचे शौर्य आपण विसरता कामा नये. पुढे मे महिन्यात मन्रोने सोलापूरही घेतले.

निपाणीकर आप्पा देसाई निंबाळकर यांनी १८०३ मध्ये वेलस्लीला साथ दिली होती. तरीही १८३९ मध्ये त्यांच्या निधनानंतर जहागीर खालसा झाली. मैत्रीचे मोल एवढेच.

मन्रो जेता होता, यात शंका नाही. पण १८१७ च्याच ऑगस्टमध्ये गव्हर्नर जनरलला लिहिलेल्या पत्रात, परकी सत्तेखाली मोठ्या अधिकारापासून वंचित राहिलेल्या लोकांचे शील खालावते, असे त्याने स्वच्छ सांगितले. मद्रासचा गव्हर्नर असता १८२४ च्या टिपणात, हे लोक स्वतः राज्य चालविण्यास समर्थ व्हावेत, हेच उद्दिष्ट असावे, असे त्याने मांडले. १८२२ साली त्याने इलाख्यातील शाळांची मोजणी करविली. १२,४९८ शाळा भरल्या. आपला मुलूख मुंबई इलाख्याकडे गेल्याने त्या मोजणीत नाही. पण शेजारच्या बळ्ळारी जिल्ह्यातील ५३३ शाळांत २३५ कानडी, २२६ तेलुगू आणि २३ मराठी होत्या. एका जिल्ह्यात इतक्या भाषा शेजारी शेजारी शिकविल्या जात होत्या, ही नोंद सीमाभागातल्या आपणांस विचार करावयास लावील.

६ जुलै १८२७ रोजी पट्टिकोंडा येथे दौऱ्यावर असताना मन्रो पटकीने वारला.

आपल्या मुलखाचा जमाखर्च, आपल्या गावच्या शाळा, आपल्या पराभवाची कारणे हे सर्व एका परक्याने लिहून ठेवले. पाटील-कुलकर्ण्यांच्या दप्तरांतही ते मोडीत लिहिलेले आहे. मात्र ते वाचणारे डोळे कमी होत चालले आहेत. ज्यांच्या घरी अशी दप्तरे असतील, त्यांनी ती वाळवीच्या तोंडी न देता जतन करावीत आणि वाचनालयाने मोडी वाचनाचा वर्ग चालवावा, एवढी विनंती करून आपली रजा घेतो.