वर्गातली साळसूद फसवणूक



गुरुजींनी मुलांची थट्टा करावी का, असे विचारले तर आपल्यापैकी निम्मे लोक कानांवर हात ठेवतील. मला विचाराल तर जरूर करावी. मात्र हसू कोणाचे व्हायचे, हे आधी ठरवून मग करावी.

एक साधी खोडी सांगतो. फळ्यावर नकाशा काढा आणि गंभीर चेहऱ्याने खाली लिहा, "कराडला कृष्णेला वारणा मिळते." बहुतेक मुले ते मुकाट्याने वहीत उतरवून घेतील. कराडच्या मुलाने प्रीतिसंगमावर कोयना डोळ्यांनी पाहिलेली असते. वारणा पार खाली, सांगलीजवळ हरिपूरला मिळते, हे हरिपूरच्या पोराला कोणी शिकवावे लागत नाही. पण गुरुजींनी लिहिले, म्हणजे आपलेच काही चुकत असेल, असे ते धरून चालते. हे गप्प बसणे मला फार बोचते. तेव्हा एकदा सांगूनच टाका, "रोज फळ्यावर एक चूक मी मुद्दाम करणार. सापडेल त्याने उभे राहायचे." चार दिवसांत मागच्या बाकावरची एखादी अबोल मुलगी उठेल आणि म्हणेल, "गुरुजी, चुकलं!" वर्ग हसेल तो आपल्याला. हसू द्या. तास संपण्यापूर्वी चूक पुसायला मात्र विसरू नका, नाहीतर परीक्षेत वारणा कराडला यायची.

दुसरी खोडी हळदीची. सांगली ही हळदीची जुनी पेठ. हरिपूरच्या पेवांत हळद साठवीत, आणि २०१८ साली सांगलीच्या हळदीला भौगोलिक मानांकनही मिळाले. हळदीचे पाणी कागदाला फासा, सावलीत वाळवा. मग वर्गात बुवांसारखे डोळे मिटून "मंतरलेल्या" पाण्यात बोट बुडवा आणि कागदावर अक्षर काढा. अक्षर रक्तासारखे लाल उमटते! पाणी असते साबणाचे. हळदीला क्षार लागला की ती लाल होते. हळदीपासून कुंकू करण्याची जुनी रीत याच गुणावर उभी आहे. वर लिंबू पिळा, पुन्हा पिवळे. मी भाषेचा माणूस, रसायनाचा नव्हे. तरी एवढे मलाही जमते. सुरीच्या पात्याला जास्वंदीच्या पाकळ्या चोळून लिंबू कापले, तर रसाला तांबडा रंग चढतो. भानामतीच्या भीतीने गाव हैराण होते, ते असल्याच लिंबांनी.

सातारचे डॉ. नरेंद्र दाभोलकर सांगलीच्या विलिंग्डन महाविद्यालयात शिकले, मिरजेला डॉक्टर झाले, आणि १९८९ साली त्यांनी महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समिती स्थापन केली. समितीचे कार्यकर्ते शाळाशाळांतून असे चमत्कार करून दाखवीत आणि तिथल्या तिथे गुपित फोडीत. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात दाभोलकरांची गोळ्या घालून हत्या झाली. आपल्याकडे लिंबाचे गुपित फोडणे इतके महाग पडू शकते, हे ध्यानात असू द्या. आणि तरीही फोडा. गुपित उद्यावर टाकू नका. रात्रभर ते मूल आपल्याला खरेच मांत्रिक समजेल, आणि घरी जाऊन तसे सांगेलही.

काही खोड्या मात्र करू नयेत. पाण्याने दिवा पेटवण्याचा प्रयोग माहीतगारावाचून करू नये. त्यात आग आहे. खोटा निकाल सांगू नये. टेबलावर रबरी साप ठेवू नये. उसाच्या फडाकडेने शाळेला येणाऱ्या पोराला साप ही थट्टेची वस्तू नाही.

आणि हळदीच्या दिवशी मुलांना जुने कपडे घालून यायला सांगा. सदऱ्यावर डाग पडला आणि आईने साबण लावला, तर तो आणखी लाल होईल आणि माउली घाबरेल. साबण नीट धुऊन सदरा कडक उन्हात टाकायला सांगा. उन्हाने हळद उडते.